घराच्या बांधकामाचं साहित्य कसं मोजावं: एका खोलीपासून सुरुवात

घर बांधायचं ठरलं की लगेच प्रश्न सुरू होतात. सिमेंट किती पोती लागेल? विटा किती? लोखंड किती टन? झटपट उत्तर हवं असेल तर चौरस फुटाचे ठोकताळे सगळ्यांकडे असतात. पण ठोकताळ्याला घराचा आकार दिसत नाही. १० × १० मीटरचं घर आणि २० × ५ मीटरचं घर, दोन्हींचं क्षेत्रफळ १०० चौरस मीटरच. पहिल्याची बाहेरची भिंत ४० मीटर भरते, दुसऱ्याची ५०. म्हणजे बाहेरच्या भिंतींचं काम थेट पाव हिश्शाने वाढलं, आणि ठोकताळा दोघांना एकच आकडा सांगतो.

म्हणून नकाशावरून मोजायला शिका. यात गणित शाळेतलंच आहे: लांबी गुणिले रुंदी गुणिले उंची. कस लागतो तो काय मोजायचं, काय वजा करायचं आणि कोणता भाग दोनदा मोजला जातोय हे ओळखताना. हे शिकायला अख्ख्या बंगल्याचा नकाशा घेऊन बसू नका. एक खोली घ्या आणि ती पायापासून रंगापर्यंत पूर्ण मोजा. इथेही तेच करू.

आपली खोली आतून ४ × ३ मीटर, भिंती २०० मिमी जाडीच्या, उंची ३ मीटर. एक दार १ × २.१ मीटर, एक खिडकी १.५ × १.२ मीटर. वर १२५ मिमीचा स्लॅब, थेट भिंतींवर टेकलेला.

आधी मोजमापाचा तक्ता

वहीत किंवा एक्सेलमध्ये सात रकाने आखा: अनुक्रमांक, कामाचा तपशील, नग, लांबी, रुंदी, उंची आणि परिमाण. प्रत्येक ओळीत एकच गोष्ट. वजावटीच्या ओळी वेगळ्या, शक्यतो लाल शाईत. कॅल्क्युलेटरवर बेरीज करून नुसतं उत्तर लिहून ठेवू नका. चार महिन्यांनी कुणी विचारलं की "ह्या चार हजार विटा कुठून आल्या?", तर त्या ओळीवर बोट ठेवून दाखवता आलं पाहिजे. माझ्या मते अंदाजपत्रकाची खरी कसोटी हीच. आकडा थोडा चुकला तर दुरुस्त करता येतो, पण तो कुठून आला हेच कळलं नाही तर दुरुस्ती कशाची करणार?

सगळी मापं एकाच एककात घ्या. मीटर तर मीटर, फूट तर फूट. वाळू-खडी ब्रासने येते, तर शेवटी एकदाच रूपांतर करा: १ ब्रास म्हणजे १०० घनफूट, म्हणजे साधारण २.८३ घनमीटर.

तक्त्यातला क्रम बांधकामाचाच ठेवा: खोदाई, पीसीसी (पायाखालचं बिनसळईचं काँक्रीट), फुटिंग (कॉलमखालचा रुंद पाया), जोत्यापर्यंतचं काम, भरणी, कॉलम, भिंती, लिंटेल (दार-खिडकीवरची आडवी काँक्रीटची पट्टी), बीम, स्लॅब, प्लास्टर, फरशी, रंग. क्रम पाळला की काही सुटत नाही. सुटतात त्या नेहमी लहानसहान गोष्टी: छज्जा, पायऱ्या, ओट्याखालच्या आधारभिंती, गच्चीचा कठडा, पाण्याच्या टाकीचं बूड.

भिंतीची लांबी: मध्यरेषेने मोजा

नवशिका इथे हमखास अडखळतो. भिंतींची लांबी बाहेरून घेतली तर आपल्या खोलीची बेरीज येते २ × (४.४ + ३.४) = १५.६ मीटर. त्यावरून घनफळ १५.६ × ०.२ × ३ = ९.३६ घनमीटर. पण यात चारही कोपरे दोनदा धरले गेले. भिंतीच्या जाडीच्या मधोमध रेषा काढून मोजलं तर लांबी येते २ × (४.२ + ३.२) = १४.८ मीटर आणि घनफळ ८.८८. फरक ०.४८ घनमीटरचा, बरोबर चार कोपऱ्यांच्या खांबाएवढा (४ × ०.२ × ०.२ × ३). विटांत सांगायचं तर एका खोलीमागे २४० विटा जास्त.

मधली भिंत आली की आणखी एक नियम लागतो. ती भिंत मुख्य भिंतीला जिथे मिळते तिथे, प्रत्येक जोडामागे मुख्य भिंतीची अर्धी रुंदी वजा करायची. आपल्या खोलीच्या मधून ३ मीटरची आडवी भिंत घातली तर तिची मध्यरेषा ३.२ मीटर. दोन जोड, म्हणून वजा ०.१ + ०.१, उरले ३ मीटर. तीच भिंत पायात ९०० मिमी रुंद चरात असेल, तर तिथे वजावट ०.४५ + ०.४५ होते आणि खोदाईची लांबी उरते फक्त २.३ मीटर. म्हणजे मध्यरेषा सगळीकडे एकच, पण जोडाची वजावट प्रत्येक थराच्या रुंदीप्रमाणे बदलते. ही गोष्ट एकदा कागदावर चित्र काढून पडताळून पाहा. मग विसरणार नाही.

आता वजावट. दार २.१ चौरस मीटर आणि खिडकी १.८, मिळून ३.९ × ०.२ = ०.७८ घनमीटर. दोन्हींवर १५० मिमी उंचीचा लिंटेल आहे आणि त्याची टेकण दोन्ही बाजूंना १५० मिमी. त्यामुळे लिंटेलची लांबी १.३ + १.८ = ३.१ मीटर, घनफळ ०.०९३. निव्वळ वीटकाम: ८.८८ − ०.७८ − ०.०९३, म्हणजे ८ घनमीटर.

घर कॉलम-बीमचं असेल तर भिंतीच्या लांबीतून कॉलमची रुंदी आणि उंचीतून बीमची खोली वजा होते. बीम मोजताना स्लॅबची जाडी त्यात पुन्हा धरू नका. नकाशात बीम ४५० मिमी खोल लिहिलेला असेल आणि स्लॅब १२५ मिमीचा असेल, तर स्लॅब सलग मोजून झाल्यावर बीमचे ३२५ मिमीच उरतात. काँक्रीटच्या अंदाजात दुबार मोजणी सगळ्यात जास्त होते ती याच ठिकाणी.

विटा आणि त्यातला मसाला

१९० × ९० × ९० मिमीची वीट १० मिमीच्या सांध्यासकट २०० × १०० × १०० मिमी जागा घेते. म्हणून एका घनमीटरला ५०० विटा. आपल्याला ८ घनमीटरला ४०००, आणि तुटफूट ५ टक्के धरून ४२००. तुमच्याकडे येणारी वीट वेगळ्या मापाची असेल तर दहा विटा ओळीने लावून टेपने मोजा, सरासरी काढा, सांधा मिळवा आणि त्याने १ घनमीटरला भागा. विक्रेता सांगेल त्या मापावर विसंबू नका. भट्टीप्रमाणे माप बदलतं.

मसाल्याचा हिशेब असा. ५०० विटांचं स्वतःचं घनफळ ०.७७ घनमीटर, म्हणजे सांध्यांत ०.२३ घनमीटर मसाला. विटेवरचा खळगा भरायला आणि सांडलवंडीसाठी त्यात १५ टक्के वाढवा: ०.२६५. हा झाला ओला मसाला. कोरडं सिमेंट आणि वाळू कालवली की सिमेंट वाळूच्या कणांमधल्या पोकळीत जाऊन बसतं आणि एकूण आकारमान घटतं. म्हणून कोरड्या मालासाठी १.३३ ने गुणायचं: ०.३५२ घनमीटर. सिमेंट-वाळूचं प्रमाण १:६ असेल तर एकूण सात भाग. एक भाग ०.०५ घनमीटर सिमेंट.

सिमेंटचं पोतं ५० किलोचं. सैल सिमेंटचं वजन घनमीटरला १४४० किलो धरतात, म्हणून एक पोतं म्हणजे ०.०३४७ घनमीटर, जवळजवळ ३५ लिटर. एवढा एक आकडा पाठ असू द्या, बाकी सगळं त्यावरून काढता येतं. वीटकामाला घनमीटरमागे साधारण १.४५ पोतं सिमेंट आणि ०.३ घनमीटर वाळू. आपल्या ८ घनमीटरला १२ पोती आणि २.४ घनमीटर वाळू, म्हणजे ८५ घनफूट.

काँक्रीट

रीत तीच, गुणक वेगळा. १ घनमीटर ओल्या काँक्रीटला साधारण १.५४ घनमीटर कोरडा माल लागतो, कारण इथे खडीच्या पोकळीत वाळू आणि वाळूच्या पोकळीत सिमेंट बसतं.

एम२० या प्रतीच्या काँक्रीटसाठी सिमेंट, वाळू आणि खडीचं नेहमीचं प्रमाण १:१.५:३, एकूण साडेपाच भाग. १.५४ ÷ ५.५ = ०.२८ घनमीटर सिमेंट, म्हणजे ४०३ किलो, आठ पोती. वाळू ०.४२ आणि खडी ०.८४ घनमीटर. पीसीसीसाठी १:३:६ धरलं तर दहा भाग होतात आणि सिमेंट साडेचार पोत्यांच्या आत येतं. १:२:४ चं गणित स्वतः करून पाहा. उत्तर सहा ते साडेसहा पोत्यांच्या मध्ये यायला हवं.

आपला स्लॅब भिंतींच्या बाहेरच्या कडेपर्यंत जातो: ४.४ × ३.४ × ०.१२५ = १.८७ घनमीटर. सिमेंट १५ पोती आणि थोडं. ३ टक्के नासाडी धरून १६ मागवा. वाळू ०.७९ आणि खडी १.५७ घनमीटर.

हे आकडे ठरावीक प्रमाणाच्या मिश्रणाचे आहेत. इंजिनिअरने मिक्स डिझाइन (खास तुमच्या कामासाठी काढलेलं मिश्रणाचं प्रमाण) दिलं असेल तर त्यातली किलोतली मापंच धरा. रेडीमिक्स मागवणार असाल तर फक्त घनफळ लागतं. मात्र पंपाच्या पाइपात राहणारा माल त्यात मिळवा.

कागदावरचं प्रमाण साइटवर उतरतं ते मापाच्या पेटीने. ४० × ३५ × २५ सेंटीमीटरची लाकडी किंवा पत्र्याची पेटी बरोबर ३५ लिटरची, एका पोत्याएवढी होते. एका पोत्याला वाळूची दीड पेटी आणि खडीच्या तीन पेट्या. घमेल्याने मोजू लागलात की प्रत्येक मजुराचं घमेलं वेगळं भरतं आणि तुमचा अंदाज कितीही अचूक असला तरी माल कमी-जास्त होणारच. मी या पेटीबद्दल फार आग्रही आहे. ती बनवायला अर्धा तास लागतो आणि सगळं बांधकाम होईपर्यंत उपयोगी पडते.

ओली वाळू फसवते

वाळू थोडी ओलसर असली की कणांभोवती पाण्याचा पापुद्रा धरतो, कण एकमेकांपासून दूर राहतात आणि वाळू फुगते. पाच-सहा टक्के ओलाव्याला आकारमान पाव हिश्शाने किंवा त्याहूनही जास्त वाढतं. बारीक वाळू अधिक फुगते. गंमत अशी की वाळू पूर्ण पाण्यात बुडवली तर ती पुन्हा मूळ आकारमानावर येते. तपासणी याच गुणावर होते.

सरळ उभ्या भांड्यात ओलसर वाळू सैलसर भरा आणि उंची मोजा, समजा २०० मिमी. ती बाहेर काढा, भांड्यात अर्ध्यापर्यंत पाणी घ्या, वाळू परत टाकून काठीने ढवळा आणि बसू द्या. आता उंची १६० मिमी आली तर २०० ÷ १६० = १.२५, म्हणजे फुगवटा २५ टक्के. अशी वाळू घेताना २.४ घनमीटरच्या जागी ३ घनमीटर लागेल. पेटीतलं वाळूचं मापही तेवढंच वाढवावं लागेल, नाहीतर काँक्रीटमध्ये वाळू कमी पडेल. गाडी उतरण्याआधी हौद्याची लांबी, रुंदी आणि मालाची उंची स्वतः मोजा. वर ढीग असेल तर तो सपाट करून घ्या.

लोखंड

सळईच्या वजनाचं सूत्र: व्यासाचा वर्ग भागिले १६२, उत्तर किलो प्रति मीटर. व्यास मिमीमध्ये घ्यायचा. पोलादाची घनता घनमीटरला ७८५० किलो, त्यातूनच हा १६२ येतो. ८ मिमी ०.३९५ किलो, १० मिमी ०.६१७, १२ मिमी ०.८८९, १६ मिमी १.५८, २० मिमी २.४७.

किती सळ्या आणि किती अंतरावर, हे स्ट्रक्चरल नकाशा ठरवतो. अंदाज करणाऱ्याने ते स्वतःच्या मनाने ठरवू नये. समजा नकाशात आखूड दिशेला १० मिमी आणि लांब दिशेला ८ मिमी, दोन्ही १५० मिमी अंतरावर आहेत, कव्हर (सळईबाहेरचा काँक्रीटचा थर) २० मिमी.

आखूड सळईची लांबी ३.४ − ०.०४ = ३.३६ मीटर. नग: ४.३६ ÷ ०.१५ = २९.०७, वरचा पूर्णांक ३०, अधिक एक, म्हणजे ३१. एकूण १०४.२ मीटर, ६४.३ किलो. लांब सळ्या ४.३६ मीटरच्या, नग २४, एकूण १०४.६ मीटर, ४१.३ किलो. बेरीज १०५.६ किलो. स्लॅबच्या घनफळाने भागलं तर घनमीटरला ५६ किलो येतात. साध्या स्लॅबमध्ये लोखंड साधारण ०.७ ते १ टक्का, म्हणजे घनमीटरला ५५ ते ७८ किलो असतं. आपण खालच्या टोकाला आहोत, कारण आकड्या (सळईची वाकवलेली टोकं), टेकणीवरच्या जादा सळ्या आणि चेअर (वरची सळई उचलून धरणारे आधार) अजून मिळवायच्या आहेत. ठोकताळ्याचा योग्य वापर हा असा: मोजून झाल्यावर उत्तर ताडून पाहायला.

आता खरी गोम. सळई १२ मीटरची येते. तिच्यातून ३.३६ मीटरचे तीनच तुकडे निघतात आणि १.९२ मीटर उरतो. ३१ तुकड्यांना ११ सळ्या लागतील, म्हणजे ८१ किलो विकत घ्यायचं आणि त्यातलं ६४ स्लॅबमध्ये जायचं. टक्क्यात धरलेलं ३ टक्के वेस्टेज इथे कुठल्या कुठे राहिलं! पण तो १.९२ चा तुकडा वाया नाही. खिडकीचा लिंटेल १.८ मीटरचा आहे, त्यात तो नेमका बसतो. ४.३६ चे तुकडे करताना दोन निघून ३.२८ मीटर उरतो. त्यातून लिंटेलच्या रिंगा कापता येतील.

म्हणून लोखंडाचा अंदाज करताना सगळ्या कामांच्या तुकड्यांची यादी एकत्र मांडा आणि मगच कटिंग ठरवा. लांब स्पॅनमध्ये (दोन आधारांमधल्या अंतरात) सळईला जोड येत असेल तर त्याची लांबी धरा. व्यासाच्या ५० पट धरायची पद्धत आहे, पण नकाशात दिलं असेल तर तेच. बांधायची तार टनामागे ८ ते १० किलो.

प्लास्टर

आतली भिंत १४ मीटर परिघ × ३ मीटर उंची = ४२ चौरस मीटर. मोजमापाच्या प्रचलित नियमात अर्ध्या चौरस मीटरपर्यंतची उघडी जागा वजा करत नाहीत. अर्धा ते तीन चौरस मीटरची जागा भिंतीच्या एकाच बाजूने वजा करतात, कारण दुसऱ्या बाजूची बचत चौकटीच्या कडा भरण्यात जाते. तीनच्या वर गेलं की दोन्ही बाजूंनी वजावट आणि कडा वेगळ्या मोजायच्या. आपण वजावट बाहेरून करू, आत ४२ पूर्ण ठेवू.

१२ मिमी जाडीने ०.५०४ घनमीटर. भिंत कधीच आरशासारखी सपाट नसते, म्हणून २० टक्के वाढवा: ०.६०५. गुणिले १.३३, ०.८ घनमीटर कोरडा माल. १:६ ने सिमेंट सव्वातीन ते साडेतीन पोती, वाळू ०.७ घनमीटर. बाहेरचं प्लास्टर दोन थरांत २० मिमीच्या आसपास धरा. विटांची ओळ वाकडी गेली असेल तर हा भाग अंदाजाबाहेर जातो, आणि तेव्हा चूक प्लास्टरवाल्याची नसते.

फरशीचं गणित क्षेत्रफळाने करू नका

खोली १२ चौरस मीटर, फरशी ६०० × ६०० मिमीची. भागाकाराने ३३.३ येतात. पण ३ मीटरच्या दिशेने बरोबर ५ ओळी बसतात आणि ४ मीटरच्या दिशेने ६ पूर्ण नि एक कापलेली, म्हणून लागतात ३५. सातव्या फरशीतून ४०० मिमी वापरले, २०० उरले. त्या पट्टीचे उभे दोन भाग केले की जवळजवळ १०० मिमी उंचीची स्कर्टिंग (भिंतीच्या तळाशी लावायची पट्टी) निघते. पाच फरशांतून दहा पट्ट्या, ६ मीटर. दार सोडून स्कर्टिंग लागते १३ मीटर. उरलेल्या ७ मीटरला आणखी २ फरशा. झाल्या ३७. तुटीसाठी आणि पुढेमागे एखादी बदलावी लागली तर म्हणून ४० घ्या. तिरप्या मांडणीत कापाकाप वाढते, तिथे १५ टक्क्यांपर्यंत जादा धरावं लागतं.

रंगाचं क्षेत्रफळ प्लास्टरवरूनच मिळतं. एक लिटर किती पसरतो ते डब्यावर लिहिलेलं असतं, रंगाचे किती हात (थर) द्यायचे ते धरून भागा.

मागणी कशी द्यायची

निव्वळ परिमाण, नासाडी आणि मागणीचा आकडा हे तीन वेगळे रकाने ठेवा. नासाडी आधीच मिसळून टाकली की कॉन्ट्रॅक्टर त्यावर पुन्हा नासाडी लावतो आणि कुणालाच पत्ता लागत नाही.

सिमेंट टप्प्याटप्प्याने आणा. तीन महिने पडून राहिलेल्या सिमेंटची ताकद लक्षणीय घटते, दमट जागेत त्याहूनही लवकर. ठेवताना जमिनीपासून वर, भिंतीपासून दूर. विटा आणि फरशी मात्र एकाच लॉटमधून घेतलेली बरी, माप आणि रंग जुळतो.

खोदाईची माती गाडीने हलवायची असेल तर खड्ड्याच्या घनफळात २० ते ३० टक्के मिळवा, कारण खणलेली माती सैल होऊन फुगते. उलट जोत्यात भरलेला मुरूम धुम्मस मारल्यावर दबतो, तो मोजून जास्त मागवावा लागतो.

काम सुरू झालं की तक्त्याला आठवा रकाना जोडा: प्रत्यक्ष लागलेलं. पहिल्या खोलीच्या वीटकामाला १२ ऐवजी १५ पोती गेली तर लगेच जाऊन सांधे मोजा. १० मिमीचा सांधा २० मिमीचा झालेला असेल, किंवा पेटी बाजूला ठेवून घमेलं सुरू झालेलं असेल. विटा कमी लागतायत आणि मसाला जास्त जातोय, तर सांधे; विटांचा आकडा जुळतोय आणि सिमेंटच जास्त जातंय, तर घमेलं. विटा आणि मसाला दोन्ही जास्त जातायत, तर भिंत नकाशापेक्षा मोठी बांधली जातेय किंवा तुमच्या तक्त्यात एखादी ओळ राहिलीय. तक्ता उघडा आणि जागेवर टेप लावून एक-एक ओळ ताडून पाहा.